अखेरच्या खेळाचा हिशेब

हिंदी चित्रपटाचा इतिहास आपल्याकडे बहुधा राजघराण्याच्या बखरीसारखा लिहिला जातो. फाळक्यांपासून प्रारंभ करायचा, प्रभात, न्यू थिएटर्स आणि बॉम्बे टॉकीज यांना वंदन करायचे, मेहबूब, बिमल रॉय, राज कपूर आणि गुरुदत्त यांची थोरवी गायची आणि समांतर चित्रपटाच्या गौरवाने उपसंहार करायचा, असा या लेखनाचा ठरलेला क्रम आहे. ही मंडळी थोर होतीच. त्याबद्दल वाद नाही. परंतु ज्या देशात दर वर्षी शेकड्यांनी चित्रपट निघत आले, त्या देशाचा चित्रपट-इतिहास पन्नास-पाऊणशे नावांत आटोपतो असे मानणे, हे समाजाचा इतिहास दरबाराच्या दाराशी संपतो असे मानण्यासारखेच आहे.

या बखरीत ज्यांना जागा मिळाली नाही, त्यांत एक फार मोठा वर्ग अल्प खर्चात निघालेल्या भयपटांचा, सूडपटांचा आणि मारधाडपटांचा आहे. तालुक्याच्या गावी, रेल्वे जंक्शनच्या शहरात, गिरण्या-कारखान्यांच्या वस्तीत रात्री नऊ-साडेनऊला सुरू होणारा अखेरचा खेळ हे या चित्रपटांचे हक्काचे स्थान होते. व्यवसायातील माणसे त्यांना ‘बी ग्रेड’ आणि त्याहून खालच्या पायरीवरच्यांना ‘सी ग्रेड’ म्हणत. नामांकित नट नाहीत, परदेशी चित्रीकरण नाही, काही आठवड्यांत काम उरकलेले आणि जाहिरात म्हणजे भिंतीवर चिकटविलेले भडक रंगाचे पोस्टर. सुशिक्षित घरातील माणसाने ते पोस्टर पाहून मान फिरवावी आणि मुलांचा हात धरून पुढे चालू लागावे, हीच सभ्यतेची रीत होती.

अलीकडे या विषयाची चर्चा होऊ लागली आहे. आशिम अहलुवालिया यांचा ‘मिस लव्हली’ हा या व्यवसायाच्या पार्श्वभूमीवरचा चित्रपट २०१२ मध्ये कान महोत्सवात दाखविला गेला. २०२३ मध्ये ‘सिनेमा मरते दम तक’ या माहितीपट-मालिकेने किशन शाह, विनोद तलवार, जे. नीलम आणि दिलीप गुलाटी या दिग्दर्शकांना प्रथमच आपली बाजू मांडण्याची संधी दिली. पूर्वीच्या तिरस्काराच्या जागी आता एक प्रकारचे कौतुक आले आहे. पण ते कौतुक पुष्कळसे टिंगलीच्या जातीचे आहे. तिरस्कार आणि टिंगल या दोहोंच्या पलीकडे जाऊन हा व्यवहार काय होता, तो कोणाच्या जिवावर चालला आणि त्याचे काय शिल्लक राहिले, याचा शांतपणे विचार होणे आवश्यक आहे.

जुनी परंपरा

हा प्रकार सत्तरच्या दशकात अकस्मात उगवला, असा एक समज आहे. तो बरोबर नाही. १९३५ मध्ये वाडिया मूव्हीटोनचा ‘हंटरवाली’ प्रदर्शित झाला आणि हातात चाबूक घेतलेली नादिया पिटातील प्रेक्षकांची आराध्यदैवत बनली. त्या काळातील समीक्षकांच्या लेखी स्टंटपट ही हलकी करमणूकच होती. परंतु ती निर्माण करणारे जे. बी. एच. वाडिया हे उच्चविद्याविभूषित गृहस्थ आणि पुढे मानवेंद्रनाथ रॉय यांच्या विचारांचे अनुयायी होते. ज्या परळच्या स्टुडिओत नादियाने घोडे फेकले, त्याच वास्तूत १९४२ मध्ये व्ही. शांताराम यांनी राजकमल कलामंदिराची स्थापना केली. उच्च आणि नीच म्हणून आपण ज्यांच्यात भिंत उभी करतो, त्या दोन जगांचे छप्पर अनेकदा एकच होते.

साठच्या दशकात हीच परंपरा दारासिंग यांच्या कुस्तीपटांनी चालविली. ‘किंग काँग’ (१९६२) आणि ‘फौलाद’ (१९६३) हे चित्रपट मोठ्या शहरांतील उंची चित्रपटगृहांच्या आश्रयावर जगत नव्हते. दारासिंग यांच्याबरोबर असे अनेक चित्रपट केलेल्या मुमताज यांना प्रतिष्ठितांच्या पंक्तीत बसण्यासाठी ‘दो रास्ते’ची (१९६९) वाट पाहावी लागली. तो चित्रपट चंद्रकांत काकोडकर यांच्या ‘नीलांबरी’ या मराठी कादंबरीवरून घेतलेला होता. आपल्या ‘श्यामा’ या कथेवरील अश्लीलतेच्या आरोपातून हेच काकोडकर १९६९ मध्ये सर्वोच्च न्यायालयात निर्दोष सुटले. मराठी वाचकाला हा सारा प्रकार अपरिचित वाटू नये. बाबुराव अर्नाळकरांच्या झुंजार आणि काळापहाड यांच्या रहस्यकथांवर गावोगावची खासगी वाचनालये चालली. परंतु वाङ्मयेतिहासाच्या ग्रंथांत अर्नाळकरांना ओझरता उल्लेखसुद्धा मुश्किलीने मिळाला. जे सर्वाधिक वाचले किंवा पाहिले जाते, त्याची दखल सर्वांत कमी घ्यावी, हा आपला जुना शिरस्ता आहे.

एका कुटुंबाचा कारखाना

या परंपरेला निश्चित रूप दिले ते रामसे कुटुंबाने. फत्तेचंद रामसिंघानी यांचे कराचीत रेडिओचे दुकान होते. फाळणीनंतर हे सिंधी कुटुंब मुंबईस आले आणि लॅमिंग्टन रोडवर त्यांनी पुन्हा दुकान थाटले. रामसिंघानीचे ‘रामसे’ झाले ते इंग्रज गिऱ्हाइकांच्या जिभेच्या सोयीसाठी, असे सांगितले जाते. चित्रपटनिर्मितीत त्यांनी आधी हात पोळून घेतले होते. १९७० मध्ये त्यांनी पृथ्वीराज कपूर आणि मुमताज यांना घेऊन काढलेला ‘एक नन्ही मुन्नी लडकी थी’ साफ पडला. मात्र त्या चित्रपटात राक्षसी मुखवटा चढवून वस्तुसंग्रहालयात चोरी करण्याचा एक प्रसंग होता आणि तेवढ्या प्रसंगापुरते प्रेक्षक सावरून बसतात, हे मुलांनी थिएटरात बसून टिपले. चित्रपट पडला, पण पुढच्या वीस वर्षांच्या धंद्याचे सूत्र त्या एका प्रसंगाने हाती दिले.

१९७२ मध्ये ‘दो गज जमीन के नीचे’ आला. सारे कुटुंब बसमध्ये बसून महाबळेश्वरला गेले, तेथील सरकारी विश्रामगृहात मुक्काम ठोकला आणि काही लाखांत चित्रपट पुरा केला. कुमार यांनी पटकथा लिहावी, तुलसी आणि श्याम यांनी दिग्दर्शन करावे, गंगू यांनी कॅमेरा चालवावा, किरण यांनी ध्वनी सांभाळावा, अर्जुन यांनी संकलन करावे, केशू यांनी निर्मितीच्या कामात हात लावावा आणि घरातील स्त्रियांनी साऱ्या ताफ्याचा स्वयंपाक करावा, अशी ही व्यवस्था होती. सात भावांपैकी कोणीही चित्रपटविद्येच्या शाळेत गेलेला नव्हता. चित्रीकरणाच्या तंत्रावरील एक इंग्रजी पुस्तक समोर ठेवून त्यांनी धडे गिरविले. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटची स्थापना १९६० सालची. तिच्याबाहेरही एक चित्रपटशाळा अशी घरच्या घरी चालू होती.

पुढे ‘दरवाजा’ (१९७८), ‘गेस्ट हाऊस’ (१९८०), ‘दहशत’ (१९८१) असे करीत १९८४ मध्ये ‘पुराना मंदिर’ आला आणि त्याने व्यवसायातील भल्याभल्यांना चकित केले. त्यातील सामरी हा सैतान साकारणारा अजय अगरवाल हा रूडकीहून पदवी घेतलेला स्थापत्य अभियंता होता. उंची आणि चेहऱ्याची ठेवण यांमुळे त्याला रंगभूषेची फारशी गरज पडत नसे. ‘वीराना’ (१९८८), ‘पुरानी हवेली’ (१९८९) आणि ‘बंद दरवाजा’ (१९९०) यांनी हा काळ पूर्ण केला. मोहन भाकरी, विनोद तलवार आदींनी त्याच वाटेने आपापले भयपट काढले. १९९३ मध्ये झी वाहिनीवर ‘झी हॉरर शो’ सुरू झाला आणि रामसे यांचे भूत थिएटरातून उठून दिवाणखान्यात आले. तुलसी रामसे २०१८ मध्ये आणि श्याम रामसे २०१९ मध्ये निवर्तले, तेव्हा ज्या वृत्तपत्रांनी त्यांच्या चित्रपटांची परीक्षणे देण्याचेही कष्ट क्वचितच घेतले होते, त्यांनीच मृत्युलेखांतून त्यांचा गौरव केला.

भूत खरे की खोटे

या चित्रपटांत कलागुण शोधू गेल्यास निराशा पदरी पडेल, हे स्पष्ट सांगितले पाहिजे. कथानके विस्कळीत, विनोद पाचकळ, भुतांचे मुखवटे रबरी. इंग्लंडच्या हॅमर कंपनीच्या भयपटांची उसनवारी तर उघडच आहे. ‘पुराना मंदिर’मध्ये जगदीप यांचे ‘शोले’वरचे विडंबन ठिगळासारखे मध्येच येते. तथापि, कलागुण नसलेल्या गोष्टीलाही अर्थ असतो आणि तो समाजाच्या अभ्यासकाला कित्येकदा अधिक उपयोगी पडतो.

एक उदाहरण पाहा. ‘महल’ (१९४९), ‘बीस साल बाद’ (१९६२), ‘वह कौन थी’ (१९६४) या प्रतिष्ठित रहस्यपटांत पांढऱ्या साडीतील स्त्री अंधारात गात फिरते. पण शेवटी तिचा उलगडा होतो. भूत नव्हतेच, कोणा माणसाची ती करणी होती, असे कळून प्रेक्षक निःशंक मनाने घरी जातो. रामसे यांच्या चित्रपटांत मात्र भूत बहुधा खरेच असते. शिवाय ते हवेलीत, तळघरात, पडक्या मंदिरात राहते आणि ठाकूर किंवा राजा यांच्या घराण्यावर त्याचा दावा असतो. ‘पुराना मंदिर’मधील राजघराण्याला शाप मिळतो तो पूर्वजाने दिलेल्या शिक्षेमुळे आणि त्याचे भोग वाट्याला येतात ते घरातल्या लेकीसुनांच्या. १९७१ मध्ये संस्थानिकांचे तनखे घटनादुरुस्तीने बंद झाले आणि पुढच्याच वर्षी ‘दो गज जमीन के नीचे’ आला. या दोन घटनांत कार्यकारणभाव आहे, असा दावा मी करणार नाही. परंतु ओस पडलेले वाडे त्या दोन दशकांत देशभर उभे होते, हे खरे आहे. आणि त्या वाड्यांच्या तळघरात काहीतरी अन्याय्य गाडलेले आहे व ते कधीतरी वर येणार, ही कल्पना अखेरच्या खेळाला बसलेल्या शेतमजुराला किंवा गाव सोडून आलेल्या हमालाला पटण्यासारखी होती, हेही खरे आहे. सभ्य चित्रपटाने भुताचे स्पष्टीकरण दिले. या असभ्य चित्रपटाने त्याची दहशत खरी मानली. या दोहोंत ग्रामीण माणसाच्या अनुभवाला कोणते अधिक जवळचे, याचा निर्णय वाचकांनीच करावा.

भुसावळचे गणित

आता या व्यवहाराचे अर्थकारण पाहू. भारतातील चित्रपट-वितरण फार पूर्वीपासून प्रदेशवार विभागलेले आहे: मुंबई, दिल्ली-उत्तर प्रदेश, निजाम, म्हैसूर, सी. पी.-वऱ्हाड वगैरे. संस्थाने गेली, प्रांतरचना बदलली. पण ही नावे वितरकांच्या वह्यांत तशीच राहिली. मध्य भारतातील वितरक-प्रदर्शकांच्या सेंट्रल सर्किट सिने असोसिएशन या संघटनेचे ठाणे आपल्या भुसावळात आहे. मुंबईत लॅमिंग्टन रोडवरील नाझ चित्रपटगृहाच्या इमारतीत वितरकांची कार्यालये दाटीवाटीने वसलेली होती आणि तेथे चित्रपटांचे भाव ठरत.

मोठ्या नटाचा चित्रपट विकत घ्यायचा तर वितरकाला आधीच मोठी रक्कम मोजावी लागे, आणि तो पडला तर घरदार गहाण पडण्याची वेळ येई. छोट्या चित्रपटाचे तसे नव्हते. तो थोडक्या रकमेत मिळे. मोजक्या प्रतींवर एका गावाहून दुसऱ्या गावी फिरे. मोठा चित्रपट नसलेला आठवडा भरून काढी. वर्ष-दोन वर्षांनी नवे पोस्टर लावून पुन्हा येई. महाराष्ट्रातील जत्रांत तंबूत चालणाऱ्या टुरिंग टॉकीजनाही अशाच जुन्या रिळांचा आधार असे. जोखीम कमी, नफा बेताचा, पण जवळजवळ निश्चित. या निश्चित नफ्यावर डोअरकीपर, ऑपरेटर, पोस्टर चिकटविणारा, स्टुडिओतील लाइटमन आणि दुय्यम नट-नट्या यांचे संसार चालत होते.

सरकार या हिशेबात कोठेच नव्हते. स. का. पाटील यांच्या अध्यक्षतेखालील चौकशी समितीने १९५१ मध्ये अहवाल दिला आणि त्याचे फळ म्हणून १९६० मध्ये फिल्म फायनान्स कॉर्पोरेशन निघाले. त्याच्या कर्जावर मृणाल सेन यांचा ‘भुवन शोम’ (१९६९) उभा राहिला, ही अभिमानाची गोष्ट आहे. करदात्यांचा पैसा सैतानाच्या रबरी मुखवट्यावर खर्च व्हायला हवा होता, असे कोणी म्हणणार नाही. परंतु ज्या चित्रपटांनी सरकारकडे कधी कर्ज मागितले नाही आणि तिकिटामागे करमणूक कर मात्र भरला, त्यांची साधी नोंद ठेवण्याचेही कर्तव्य राज्यसंस्थेला का वाटू नये?

नव्वदच्या दशकात या व्यवसायाला मिथुन चक्रवर्ती यांनी मोठा आश्रय दिला. ‘मृगया’ (१९७६) आणि ‘ताहादेर कथा’ (१९९२) यांतील अभिनयासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळविलेला हा नट उटकमंडला स्थायिक झाला. तेथेच राहण्याची, जेवणाची आणि चित्रीकरणाची सोय करून त्याने छोट्या निर्मात्यांसाठी थोड्या दिवसांत पुरे होणारे अनेक चित्रपट केले. याच दशकात आलेला कांती शाह यांचा ‘गुंडा’ (१९९८) प्रारंभी फारसा कोणाच्या नजरेत भरला नाही. पुढे अभियांत्रिकी महाविद्यालयांच्या वसतिगृहांत त्याचे यमकबद्ध संवाद विद्यार्थ्यांना मुखोद्गत झाले. मिथुन चक्रवर्तींना २०२४ मध्ये दादासाहेब फाळके पुरस्कार प्रदान झाला, तेव्हा या दोन्ही प्रकारच्या चित्रपटांचा नायक एकच आहे, याची आठवण ठेवणे सर्वांनाच अवघड गेले असावे.

वसतिगृहातील हास्याबद्दल एक शब्द लिहिणे भाग आहे. तरुणांनी हसू नये, असे नाही. परंतु ‘गुंडा’ पाहून हसणारा विद्यार्थी पुष्कळदा चित्रपटापेक्षा त्याच्या प्रेक्षकालाच हसत असतो. दिवसभर पाठीवर पोती वाहिलेला माणूस ज्या गोष्टीकडे डोळे विस्फारून पाहत होता, ती आपल्याला किती हास्यास्पद वाटते, यात एक सूक्ष्म अहंकार दडलेला आहे. पूर्वीच्या पिढीने नाक मुरडले, ही पिढी टाळ्या पिटते. अंतर मात्र तेवढेच राहिले.

काळी बाजू

या व्यवहाराची काळी बाजू झाकून त्याचा कैवार घेणे अप्रामाणिकपणाचे होईल. १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्यानुसार प्रमाणपत्र मिळालेल्या चित्रपटात नंतर फेरफार करणे हा गुन्हा आहे. तरीही अनेक ठिकाणी अखेरच्या खेळात मध्येच ‘बिट’ जोडले जात. म्हणजे मूळ कथेशी संबंध नसलेली नग्न दृश्यांची रिळे प्रोजेक्टरवर चढविली जात. वितरकांची मागणी आणि थिएटरवाल्यांचा हव्यास यांतून हा प्रकार फोफावला. छोट्या दिग्दर्शकांपैकी काहींनी त्याला मान तुकविली, काहींनी स्वतःच हात धुऊन घेतले.

त्याची किंमत सर्वाधिक मोजली ती स्त्रियांनी. कोणते दृश्य कोणत्या चित्रपटात जोडले जाणार, हे त्या नटीला ठाऊक असेलच असे नव्हते. करारपत्र नाही, तक्रारीला जागा नाही आणि एकदा त्या पोस्टरवर छबी आली की चांगल्या चित्रपटाची दारे बंद. दक्षिणेत सिल्क स्मिता यांच्या नावावर चित्रपट विकले गेले; १९९६ मध्ये मद्रासमध्ये त्यांनी जीवनयात्रा संपविली, तेव्हा त्यांनी वयाची चाळिशीही गाठलेली नव्हती. त्यांच्या जीवनावरून स्फुरलेल्या ‘द डर्टी पिक्चर’मधील (२०११) भूमिकेसाठी विद्या बालन यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तो अभिनय पुरस्काराला पात्र होताच. परंतु मूळ स्त्रीच्या वाट्याला जी प्रतिष्ठा कधी आली नाही, ती तिची भूमिका करणारीला मिळावी, यातील विसंगती आपल्याला फारशी बोचली नाही. २००० मध्ये मल्याळम् ‘किन्नारत्तुंबिकळ’ने शकीला यांना असेच प्रचंड यश दिले, आणि त्या यशाबरोबर तीच बहिष्कृतताही दिली.

काय शिल्लक राहिले

१९९७ मध्ये दिल्लीत पहिले मल्टिप्लेक्स निघाले आणि नंतर एकपडदा चित्रपटगृहे एकामागून एक बंद पडत गेली. महाग तिकिटाच्या जागी स्वस्त तिकिटाचा प्रेक्षक मावेना. त्याची करमणूक आधी व्हिडिओ-सीडीवर आणि नंतर हातातल्या मोबाइलवर गेली. फिल्मवरील चित्रीकरण संपले, प्रक्रिया करणाऱ्या प्रयोगशाळांचे काम संपले आणि तेथे पडून राहिलेल्या निगेटिव्हांना वाली उरला नाही. मोठ्या निर्मात्यांच्या वारसांनी आपले चित्रपट सोडवून नेले. एक-दोन चित्रपट काढून बुडालेल्या निर्मात्यांच्या रिळांची चौकशी कोण करणार?

ही भीती काल्पनिक नाही. आपल्या देशात सुमारे तेराशे मूकपट निघाले, त्यांपैकी तीसच्या आसपासच आज कमीअधिक अवस्थेत उपलब्ध आहेत. पहिला भारतीय बोलपट ‘आलम आरा’ (१९३१) याची एकही प्रत हाती नाही. फिल्ममधील चांदी काढून घेण्यासाठी जुनी रिळे विकली गेली, कारण त्या वेळी ती कोणाला जपण्याजोगी वाटली नाहीत. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये पुण्यात स्थापन झाले आणि पी. के. नायर यांनी अक्षरशः दारोदार फिरून चित्रपट गोळा केले. संग्राहकाने आवडीनिवडीला थारा देऊ नये, मिळेल ते सारे जपावे, ही त्यांची धारणा होती. पुस्तकांच्या बाबतीत हे तत्त्व आपण केव्हाच मान्य केले आहे. १९५४ च्या कायद्याने प्रत्येक प्रकाशित पुस्तकाची प्रत राष्ट्रीय ग्रंथालयात जाते. ते पुस्तक चांगले आहे की वाईट, असे तेथे कोणी विचारीत नाही. चित्रपटाच्या बाबतीत हा विवेक आपण कसोशीने पाळलेला नाही.

म्हणून काही गोष्टी अजूनही करण्याजोग्या आहेत. २०२२ मध्ये चित्रपट संग्रहालयाचे काम राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे सोपविले गेले. त्या महामंडळाने प्रतिष्ठित चित्रपटांच्या जतनाबरोबरच या बेवारस रिळांसाठीही कपाटे राखून ठेवावीत. ज्या दृश्यांमागे एखाद्या स्त्रीची फसवणूक असेल, ती सार्वजनिक प्रदर्शनासाठी खुली करू नयेत. पण तिच्यावर काय लादले गेले, याचा पुरावा नष्टही करू नये. विद्यापीठांच्या समाजशास्त्र विभागांनी जुने ऑपरेटर, पोस्टर रंगविणारे, वितरकांकडील कारकून आणि दुय्यम भूमिका करणाऱ्या स्त्रिया यांच्या मुलाखती नोंदवाव्यात. हे काम खर्चिक नाही. एखाद्या जिल्ह्याच्या गावचा महाविद्यालयीन विद्यार्थी आपल्याच गावातील बंद टॉकीजचा इतिहास एका उन्हाळी सुट्टीत लिहून काढू शकेल आणि त्याच्या प्राध्यापकांनी तो प्रबंधिकेचा विषय म्हणून मान्य करायला हरकत नसावी. मात्र विलंबाला वाव नाही. कारण ज्यांना हे सारे आठवते, ती माणसे आता सत्तरी-ऐंशीत आहेत.

अखेरच्या खेळाला बसलेल्या माणसाने या देशाच्या गिरण्या चालविल्या, गोद्या बांधल्या, रेल्वेचे रूळ टाकले. त्याच्या श्रमाची नोंद हजेरीपटात झाली. त्याच्या विरंगुळ्याची, भीतीची आणि स्वप्नांची नोंद मात्र या ओबडधोबड रिळांखेरीज फारशी कोठे सापडणार नाही. ती रिळे चांगली आहेत म्हणून ती जपा, असा आग्रह नाही. एवढ्या मोठ्या समाजाने रात्री अंधारात बसून नेमके काय पाहिले, हे उद्याच्या अभ्यासकाला कळावे, एवढ्यासाठी ती जपली पाहिजेत.